मराठी नाटकांवर आधारित मूकपट

मराठी नाटकांवर आधारित मूकपट म्हणजे मराठी रंगभूमीवरील नाटकांचे थेट चित्रीकरण करून किंवा त्यांच्या कथानकाचा आधार घेऊन १९१२ ते १९३१ या काळात महाराष्ट्रात तयार झालेले ध्वनिविरहित चित्रपट. रामचंद्र गोपाळ ऊर्फ दादासाहेब तोरणे यांचा 'श्री पुंडलिक' (१९१२) आणि बाबूराव पेंटर यांचा 'सैरंध्री' (१९२०) हे या प्रकारातील दोन सर्वाधिक महत्त्वाचे चित्रपट होत. पहिल्यामुळे भारतातील पहिला कथाचित्रपट कोणता, हा आजही न मिटलेला वाद निर्माण झाला. दुसऱ्यामुळे ब्रिटिश सरकारने बंदी घातलेल्या नाटकाचा विषय दहा वर्षांनी पडद्यावर आला. हे दोन्ही चित्रपट आज उपलब्ध नाहीत.

मूकपटाला बोलीभाषा नसते; त्यामुळे 'मराठी मूकपट' ही संज्ञा काटेकोर अर्थाने वापरता येत नाही. चित्रांच्या मध्ये येणाऱ्या लिखित पाट्या प्रेक्षकवर्गानुसार निरनिराळ्या भाषांत असत. येथे ही संज्ञा निर्माते, कलावंत आणि मूळ नाटक मराठी असलेल्या चित्रपटांपुरती वापरली आहे.

पार्श्वभूमी

मराठी रंगभूमीचा आरंभ विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये सांगली येथे केलेल्या 'सीतास्वयंवर' या प्रयोगापासून मानला जातो. बलवंत पांडुरंग ऊर्फ अण्णासाहेब किर्लोस्कर यांच्या 'संगीत शाकुंतल' (१८८०) या नाटकाने संगीत नाटकाचे युग सुरू झाले. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात महाराष्ट्रात फिरत्या नाटक मंडळ्यांचे जाळे पसरलेले होते आणि नाटक हे शहरी तसेच निमशहरी समाजाचे प्रमुख करमणुकीचे साधन होते.

याच काळात चलच्चित्रांचा परिचय झाला. ल्युमिए बंधूंच्या चित्रांचा भारतातील पहिला खेळ ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलमध्ये झाला. त्यानंतरचे खेळ नॉव्हेल्टी थिएटरमध्ये, म्हणजे नाटकांसाठी बांधलेल्या वास्तूत, होऊ लागले. सावेदादा या नावाने ओळखले जाणारे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्तीचे चित्रीकरण केले. विसाव्या शतकाच्या आरंभी कलकत्त्यात हिरालाल सेन यांनी क्लासिक थिएटरमधील नाटकांचे प्रवेश चित्रित केले. भारतात रंगमंचावरील प्रयोग कॅमेऱ्यात उतरविण्याचे हे पहिले प्रयत्न होत. मात्र ते सुटे प्रवेश होते, सलग कथा सांगणारे चित्रपट नव्हते.

नाटकाकडून चित्रपटाकडे जाणे त्या काळी स्वाभाविक होते. तयार कथानक, पाठ केलेल्या भूमिका, वेशभूषा, रंगविलेले पडदे आणि सराव झालेले नट हे सारे नाटक मंडळीकडे आयते होते. चित्रपट काढू पाहणाऱ्याकडे केवळ कॅमेरा आणि भांडवल असावे लागे.

'श्री पुंडलिक' (१९१२)

'श्री पुंडलिक' हे रामराव कीर्तिकर यांचे नाटक. आई-वडिलांची हेळसांड करणारा पुंडलिक पुढे त्यांचा एकनिष्ठ सेवक बनतो आणि त्याच्या भेटीस आलेला विठ्ठल विटेवर तिष्ठत उभा राहतो, ही वारकरी परंपरेतील कथा मराठी प्रेक्षकाला बालपणापासून ठाऊक असे. श्रीपाद संगीत मंडळी या नाटकाचे प्रयोग करीत असे. मूकपटासाठी अशी कथा निवडण्यात मोठी सोय होती. संवाद ऐकू आले नाहीत तरी प्रेक्षक कथेत हरवत नसे.

दादासाहेब तोरणे यांनी नानासाहेब चित्रे आणि नाटककार कीर्तिकर यांच्या सहकार्याने या नाटकाचे मुंबईतील मंगळदास वाडीत चित्रीकरण केले. त्यासाठी विल्यमसन बनावटीचा कॅमेरा वापरण्यात आला. तो चालविण्याचे काम जॉन्सन नावाच्या इंग्रज छायाचित्रकाराने केले. चित्रित फीत प्रक्रियेसाठी लंडनला पाठविण्यात आली. तयार झालेला चित्रपट सुमारे २२ मिनिटांचा होता. तो १८ मे १९१२ रोजी गिरगावातील कोरोनेशन सिनेमॅटोग्राफ येथे प्रदर्शित झाला आणि दोन आठवडे चालला. त्याच खेळात एक विदेशी चित्रपट आणि विनोदी चित्रेही दाखविली जात. २५ मे १९१२ च्या 'टाइम्स ऑफ इंडिया'तील जाहिरातीत मुंबईतील निम्म्या हिंदू लोकवस्तीने हा चित्रपट पाहिला असल्याचा दावा केला होता व उरलेल्या निम्म्या लोकांना खेळ बदलण्यापूर्वी तो पाहण्याचे आवाहन होते. जाहिरातीतील अतिशयोक्ती वगळली तरी, देशी विषयावरील चित्राला मिळालेला प्रतिसाद तिच्यातून दिसतो.

'पहिला चित्रपट' हा वाद

धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी, म्हणजे 'श्री पुंडलिक'नंतर सुमारे एक वर्षाने, त्याच कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये प्रदर्शित झाला. तरीही भारतातील पहिला पूर्ण लांबीचा कथाचित्रपट म्हणून सर्वसाधारणपणे 'राजा हरिश्चंद्र'लाच मान्यता आहे. 'श्री पुंडलिक'ला हा मान न देण्यामागे प्रामुख्याने तीन कारणे सांगितली जातात :

१. तो रंगभूमीवरील नाटकाचे चित्रीकरण होता. पडद्यासाठी स्वतंत्रपणे रचलेली कृती नव्हती.
२. त्याचे छायाचित्रण परदेशी व्यक्तीने केले होते.
३. त्याच्या फितीवरील प्रक्रिया लंडनमध्ये झाली होती.

तोरणे यांच्या बाजूने मांडला जाणारा युक्तिवाद असा की, चित्रपटाची कल्पना, कथा, कलावंत, दिग्दर्शन आणि भांडवल हे सर्व भारतीय होते. कॅमेरा चालविणाऱ्याच्या किंवा प्रयोगशाळेच्या राष्ट्रीयत्वावरून चित्रपटाचे राष्ट्रीयत्व ठरवू लागल्यास पुढील काळातील अनेक भारतीय चित्रपट 'भारतीय' राहणार नाहीत. नाटकाचे चित्रीकरण हा आक्षेपही सरसकट टिकत नाही. जगातील अनेक देशांच्या चित्रपटसृष्टीचा आरंभ नाटकांच्या चित्रीकरणापासूनच झाला आहे. भारतीय चित्रपटाच्या शताब्दीच्या सुमारास हा वाद मुंबई उच्च न्यायालयापर्यंतही पोहोचला होता.

वादाचे मूळ 'चित्रपट' या शब्दाच्या व्याख्येत आहे. फाळके यांच्या कृतीत घटना निरनिराळ्या स्थळी घडतात, बाह्यदृश्ये आहेत, चमत्कारांसाठी छायाचित्रणातील युक्त्या वापरल्या आहेत आणि तिची लांबी सुमारे ३,७०० फूट, म्हणजे चार रिळांची आहे. 'श्री पुंडलिक'ची प्रत उपलब्ध नसल्यामुळे त्यात रंगमंचाची चौकट कितपत मोडली होती, हे पडताळून पाहणे शक्य नाही. दोन्ही कृतींचे महत्त्व मान्य करून काळाच्या दृष्टीने तोरणे यांना अग्रस्थान आणि चित्रपटनिर्मितीचा सर्वांगीण पाया घालण्याचे श्रेय फाळके यांना, अशी मांडणीही केली जाते.

तोरणे पुढे चित्रपट व्यवसायातच राहिले. ध्वनिमुद्रण यंत्रांच्या आयातीत त्यांचा सहभाग होता आणि पुण्यात त्यांनी सरस्वती सिनेटोन ही संस्था काढली. १९६० मध्ये त्यांचे निधन झाले.

फाळके आणि रंगभूमीवरील कलावंत

फाळके यांचे चित्रपट नाटकांवर बेतलेले नसले, तरी रंगभूमीशी त्यांचा निकटचा संबंध होता. हरिश्चंद्राची कथा मराठी, गुजराती आणि उर्दू रंगभूमीवर आधीपासून लोकप्रिय होती. महात्मा गांधींनी बालपणी पाहिलेल्या हरिश्चंद्राच्या नाटकाचा आपल्यावर झालेला खोल परिणाम आत्मचरित्रात नोंदविला आहे. 'राजा हरिश्चंद्र'मधील नायक दत्तात्रय दामोदर दाबके हे रंगभूमीवरील नट होते.

स्त्री-भूमिकांची अडचण चित्रपटालाही नाटकाप्रमाणेच भेडसावत होती. प्रयत्न करूनही स्त्री कलावंत न मिळाल्याने तारामतीची भूमिका अण्णा साळुंके यांना देण्यात आली. साळुंके हे ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात कामाला होते. पुढे 'लंकादहन' (१९१७) मध्ये त्यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या.

ही कोंडी फुटली ती नाटक मंडळीच्या मदतीनेच. 'मोहिनी भस्मासुर' (१९१३) मध्ये दुर्गाबाई कामत यांनी पार्वतीची आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी मोहिनीची भूमिका केली. या दोघी चित्ताकर्षक नाटक मंडळीत काम करीत होत्या. भारतीय चित्रपटातील पहिल्या स्त्री कलावंत म्हणून त्यांची नोंद घेतली जाते. कमलाबाई पुढे रघुनाथराव गोखले यांच्याशी विवाहबद्ध झाल्या. अभिनेते चंद्रकांत गोखले हे त्यांचे पुत्र आणि विक्रम गोखले हे नातू.

हिंदुस्थान फिल्म कंपनीतील भागीदारांशी मतभेद झाल्यावर फाळके काही काळ चित्रपटापासून दूर होऊन काशीस गेले. तेथे त्यांनी 'रंगभूमी' हे नाटक लिहिले. नाटकाला मागे टाकणारे माध्यम उभे करणारा मनुष्य स्वतःची व्यथा मांडण्यासाठी पुन्हा नाटकाकडेच वळला, ही बाब त्या काळातील दोन माध्यमांचे नाते स्पष्ट करते.

'कीचकवध' ते 'सैरंध्री'

मूळ नाटक आणि बंदी

कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचे 'कीचकवध' हे गद्य नाटक १९०७ मध्ये महाराष्ट्र नाटक मंडळीने रंगभूमीवर आणले. अज्ञातवासात विराटाच्या घरी सैरंध्री म्हणून राहणाऱ्या द्रौपदीवर कीचकाची वाईट नजर पडते आणि अखेर भीम त्याचा वध करतो, हे महाभारतातील कथानक. वंगभंगानंतरच्या वातावरणात प्रेक्षकांना त्याचा दुसरा अर्थ सहज कळत असे : कीचक म्हणजे व्हाइसरॉय लॉर्ड कर्झन, द्रौपदी म्हणजे हिंदभूमी, संयमाचा उपदेश करणारा धर्मराज म्हणजे मवाळ पक्ष आणि प्रतिकाराला सिद्ध असलेला भीम म्हणजे जहाल पक्ष. खाडिलकर हे लोकमान्य टिळकांचे निकटचे सहकारी व 'केसरी'शी संबंधित असल्याने या अर्थाला अधिकच पुष्टी मिळाली.

व्हॅलेंटाइन चिरोल या इंग्रज पत्रकाराने १९१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या हिंदुस्थानातील असंतोषावरील आपल्या ग्रंथात या नाटकाची दखल घेतली. त्याच वर्षी मुंबई सरकारने १८७६ च्या नाट्यप्रयोग कायद्यान्वये नाटकावर बंदी घातली. याच ग्रंथातील मजकुरावरून टिळकांनी चिरोलवर लंडनमध्ये अब्रुनुकसानीचा दावा लावला होता; १९१९ मध्ये त्याचा निकाल टिळकांच्या विरुद्ध गेला.

निर्मिती

'सैरंध्री'चे दिग्दर्शक बाबूराव कृष्णराव मेस्त्री (१८९०–१९५४) हे कोल्हापूरचे चित्रकार. त्यांनी व त्यांचे बंधू आनंदराव यांनी संगीत नाटक मंडळ्यांसाठी रंगविलेले पडदे इतके गाजले की 'पेंटर' हेच त्यांचे आडनाव बनले. या भावांनी स्वतःचा चित्रपट कॅमेरा बनविण्याचा ध्यास घेतला. १९१६ मध्ये आनंदराव निवर्तले. त्यानंतर बाबूरावांनी शिष्य विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने कॅमेरा पूर्ण केला आणि तानीबाई कागलकर यांच्या आर्थिक साहाय्यावर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली.

'सैरंध्री' हा या कंपनीचा पहिला महत्त्वाचा चित्रपट, आणि तो घरी बनविलेल्या कॅमेऱ्यावर चित्रित झाला. भीमाच्या भूमिकेत बाळासाहेब यादव, तर कीचकाच्या भूमिकेत झुंझारराव पवार होते. स्त्री-भूमिका पुरुषांना न देता गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांना देण्यात आल्या. पडद्यावर त्या अनुक्रमे कमलादेवी आणि सुशीलादेवी या नावांनी ओळखल्या गेल्या.

प्रदर्शन आणि कात्री

'सैरंध्री' ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन सिनेमात प्रदर्शित झाला. कीचकवधाचे दृश्य इतके वास्तव वाटले की प्रेक्षकांत खळबळ उडाली. पुढे हे दृश्य सरकारी आदेशावरून काढून टाकावे लागले. नाट्यप्रयोग कायद्याच्या जोडीला आता १९१८ चा सिनेमॅटोग्राफ कायदा आला होता आणि १९२० पासून मुंबई, कलकत्ता, मद्रास आदी शहरांत परिनिरीक्षण मंडळे कामाला लागली होती. 'कीचकवध' नाटकात सरकारला टोचले ते संवाद. मूकपटात संवाद नव्हते, तेथे आक्षेप घेतला गेला तो कृतीवर.

लोकमान्य टिळकांनी चित्रपट पाहून बाबूरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी आणि सुवर्णपदक दिले. त्यानंतर सहा महिन्यांच्या आत, १ ऑगस्ट १९२० रोजी, टिळकांचे निधन झाले.

नाटकाचे मूकपटात रूपांतर

संवाद आणि गाणे. मराठी रंगभूमीचे वैभव पदांत होते. एका पदाला अनेकदा 'वन्स मोअर' मिळे आणि प्रयोग रात्रभर चाले. मूकपटात हे सर्व गळून पडे. चित्रपटगृहात पेटी-तबल्याची साथ असे, परंतु ती पडद्यावरील पात्राच्या गळ्याची जागा घेऊ शकत नव्हती. त्यामुळे ज्यांत नाट्य गाण्यापेक्षा घटनांत आहे अशी पौराणिक व ऐतिहासिक कथानके मूकपटाला अधिक मानवली.

पाट्या. दोन दृश्यांच्या मध्ये लिखित पाटी दाखवून कथासूत्र जोडले जाई. 'राजा हरिश्चंद्र'मध्ये इंग्रजी व हिंदी पाट्या होत्या. निरक्षर प्रेक्षकांसाठी कोणीतरी त्या मोठ्याने वाचून दाखवीत असे. पौराणिक कथा आधीच परिचित असल्याने पाट्यांवरील भार कमी होई.

नेपथ्य. नाटकात जंगल, राजवाडा, रस्ता हे रंगविलेल्या पडद्यावर असत. आरंभीच्या चित्रपटांतही तेच पडदे वापरले गेले. परंतु कॅमेऱ्यापुढे त्यांचा सपाटपणा उघडा पडतो. स्वतः पडदे रंगविण्यात निष्णात असलेल्या बाबूराव पेंटर यांनीच सपाट पडदा टाकून लांबी, रुंदी आणि खोली असलेले नेपथ्य उभारण्यावर भर दिला. छायाप्रकाशाकडेही त्यांनी चित्रकाराच्या दृष्टीने पाहिले.

अभिनय. शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचणारा रंगमंचीय हावभाव जवळच्या दृश्यात अतिरेकी दिसतो. नटाला नवी शिस्त अंगी बाणवावी लागली. गंधर्व नाटक मंडळीत उमेदवारी करून १९२० मध्ये महाराष्ट्र फिल्म कंपनीत आलेले व्ही. शांताराम यांच्यासारखे कलावंत या संक्रमणातूनच घडले.

अन्य देशांतील समांतर प्रयत्न

नाटकाचा आधार घेऊन चित्रपटाला प्रतिष्ठा मिळवून देण्याचा प्रयत्न जगभर झाला. फ्रान्समध्ये 'फिल्म द'आर' या संस्थेने १९०८ मध्ये नामवंत रंगकर्मींना घेऊन 'ड्यूक द गीझची हत्या' हा चित्रपट काढला. प्रख्यात अभिनेत्री सारा बर्नहार्ट यांचा राणी एलिझाबेथवरील चित्रपट 'श्री पुंडलिक'च्याच वर्षी, १९१२ मध्ये, प्रदर्शित झाला. तोही नाटकावर आधारित होता.

स्पेनमध्ये बार्सिलोना हे या प्रयत्नांचे केंद्र होते. फ्रुक्तुओस जेलाबेर्त यांनी कातालान नाटककार आंजेल गिमेरा यांच्या 'तेर्रा बाइशा' या नाटकावर १९०७ मध्ये, तर 'मारिया रोझा' या नाटकावर १९०८ मध्ये मूकपट काढले. रिकार्दो दे बान्योस यांनी होसे सोर्रिया यांच्या 'दोन हुआन तेनोरिओ' (१८४४) या पद्यनाटकाचे १९०८ मध्ये आणि पुन्हा १९२२ मध्ये चित्रपटांतर केले. हे नाटक स्पेनमध्ये दरवर्षी नोव्हेंबरच्या आरंभी, मृतांच्या स्मरणदिनाच्या सुमारास, करण्याची प्रथा होती. प्रेक्षकांना कथा तोंडपाठ असल्यामुळे शब्दांवाचूनही चित्रपट समजत असे. पुंडलिकाच्या कथेबाबत महाराष्ट्रात घडले, तेच येथेही घडलेले दिसते.

बोलपटानंतर

१४ मार्च १९३१ रोजी प्रदर्शित झालेला भारताचा पहिला बोलपट 'आलम आरा' हा पारशी रंगभूमीवरील नाटकावरच आधारित होता. ६ फेब्रुवारी १९३२ रोजी प्रदर्शित झालेल्या, प्रभात फिल्म कंपनीच्या 'अयोध्येचा राजा'त हरिश्चंद्राची कथा पुन्हा पडद्यावर आली. त्यात राजाची भूमिका आणि संगीत या दोन्ही बाजू संगीत रंगभूमीवरील गोविंदराव टेंबे यांनी सांभाळल्या. शांताराम यांनी १९३३ मध्ये 'सैरंध्री' हा विषय रंगीत बोलपटाच्या रूपात पुन्हा हाताळला. त्याच्या प्रतींवरील रंगप्रक्रिया जर्मनीत झाली.

मूकपटाने नाटकाची कथा घेतली, पण गाणे नाटकाकडेच ठेवले होते. बोलपटाने तेही घेतले आणि अनेक नाटक मंडळ्या बंद पडल्या. बालगंधर्वांनीही प्रभातच्या 'धर्मात्मा' (१९३५) मध्ये काम केले. त्यानंतर त्यांच्या 'अमृतसिद्धी' या नाटकावरून 'साध्वी मीराबाई' (१९३७) हा चित्रपट निघाला. त्याचे चित्रीकरण बव्हंशी रंगमंचावरील प्रयोगासारखेच करण्यात आले. त्याचे दिग्दर्शक होते बाबूराव पेंटर. तोवर पडद्याची स्वतंत्र भाषा प्रेक्षकांच्या अंगवळणी पडली होती आणि हा चित्रपट चालला नाही.

उपलब्धता

भारतात मूकपटांच्या काळात तयार झालेल्या सुमारे तेराशे चित्रपटांपैकी फारच थोडे आज शिल्लक आहेत. त्या काळची नायट्रेट फीत अत्यंत ज्वालाग्राही आणि नाशवंत होती. बोलपट आल्यावर जुन्या प्रतींना बाजारमूल्य उरले नाही आणि त्यांच्यातील चांदी काढून घेण्यासाठीही त्या नष्ट केल्या जात. पुणे येथील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना १९६४ मध्ये झाली, तोवर बहुतांश प्रती नाहीशा झाल्या होत्या. 'राजा हरिश्चंद्र'चा काही भाग तेथे जतन केलेला आहे; मात्र तो १९१३ च्या मूळ चित्रपटाचा नसून १९१७ च्या पुनर्निर्मितीचा असावा, असे काही अभ्यासक मानतात.

'श्री पुंडलिक' आणि 'सैरंध्री' यांची माहिती आज जाहिराती, वृत्तपत्रांतील मजकूर, छायाचित्रे आणि समकालीनांच्या आठवणी यांवरूनच मिळते. याउलट 'कीचकवध' हे बंदी आलेले नाटक छापील संहितेच्या रूपात टिकून आहे आणि मराठी साहित्याच्या अभ्यासात त्याला स्थान आहे.

प्रमुख चित्रपट (कालानुक्रमे)

• श्री पुंडलिक (१९१२) – दिग्दर्शक : दादासाहेब तोरणे; आधार : रामराव कीर्तिकर यांचे नाटक
• सैरंध्री (१९२०, मूकपट) – दिग्दर्शक : बाबूराव पेंटर, आधार : कृ. प्र. खाडिलकर यांचे 'कीचकवध'
• सैरंध्री (१९३३, बोलपट) – दिग्दर्शक : व्ही. शांताराम, त्याच विषयाची पुनर्निर्मिती
• साध्वी मीराबाई (१९३७, बोलपट) – दिग्दर्शक : बाबूराव पेंटर, आधार : 'अमृतसिद्धी' हे नाटक